दोनशे पन्नासावा कलाप्रकार

तिरुवनंतपुरम येथे 2025 च्या जानेवारीत भरलेल्या 63 व्या केरळ राज्य शालेय कलोत्सवाच्या अधिकृत यादीत 249 स्पर्धाप्रकार होते: हायस्कूल विभागाचे 101, उच्च माध्यमिक विभागाचे 110 आणि संस्कृत व अरबी उत्सवांचे प्रत्येकी 19. ही यादी परिपूर्ण आहे असा समज सर्वत्र रूढ असला, तरी तो अभ्यासाच्या कसोटीवर टिकत नाही, कारण या महोत्सवात सर्वाधिक निष्ठेने, सर्वाधिक खर्चाने आणि सर्वांत मोठ्या आवाजात सादर होणारा दोनशे पन्नासावा कलाप्रकार तिच्यातून वगळला गेला आहे. त्या कलाप्रकाराचे नाव अपील. परीक्षकांचा निर्णय मान्य नसलेल्या पालकाने, मुलाच्या नावाने, नृत्यगुरूच्या चिथावणीने आणि वकिलाच्या सल्ल्याने सादर केलेला गद्य प्रयोग, अशी त्याची कामचलाऊ व्याख्या करता येईल. त्याला रंगमंच नाही असे म्हणावे तर मुन्सिफ न्यायालयापासून उच्च न्यायालयापर्यंत अनेक रंगमंच त्याच्या सेवेला हजर असतात, वेशभूषा नाही असे म्हणावे तर काळा कोट आहे, आणि कालमर्यादा नाही असे म्हणावे तर नियमपुस्तिकेने निकालानंतरचा एक तास त्यासाठी मुद्दाम राखून ठेवला आहे.

या कलाप्रकाराचा उगम समजण्यासाठी मूळ महोत्सवाचा इतिहास थोडक्यात पाहणे आवश्यक ठरते. केरळ राज्य 1 नोव्हेंबर 1956 रोजी अस्तित्वात आले आणि 1957 च्या जानेवारीत एर्नाकुलम येथे पहिला शालेय युवक महोत्सव भरलादेखील. राज्याचे पहिले निवडून आलेले सरकार त्यानंतर, एप्रिल महिन्यात सत्तेवर आले. म्हणजे राज्यकर्ते कोण हे ठरण्यापूर्वी उत्तम गाणारे मूल कोणते हे ठरवण्याची घाई या समाजाने केली, आणि पुढील घटनाक्रम पाहता हा अग्रक्रम त्याने कधी बदललेला दिसत नाही. प्रारंभीच्या काळात निकाल लागत, मुले बक्षिसे घेऊन घरी जात आणि पालकही त्यांच्याबरोबरच घरी जात, ही गोष्ट आजच्या अभ्यासकाला दंतकथेसारखी वाटण्याचा संभव आहे. त्या निरागस कालखंडातील 1958 च्या महोत्सवात शास्त्रीय गायनात के. जे. येसुदास आणि मृदंगवादनात पी. जयचंद्रन हे दोघे शाळकरी विद्यार्थी पहिले आले होते. पुढे त्या दोघांनीही पार्श्वगायनात जे नाव कमावले ते पाहता परीक्षकांची नजर बरीच पारखी असावी, असे अनुमान निघते. मात्र हे अनुमान पालकांच्या सभेत मोठ्याने मांडू नये.

निरागसतेला उतरती कळा लागली ती सोन्यामुळे. कवी वैलोपिळ्ळी श्रीधर मेनन यांच्या सूचनेतून सर्वाधिक गुण मिळवणाऱ्या जिल्ह्यासाठी 117.5 पवनांचा सुवर्णकरंडक घडवण्यात आला आणि 1987 पासून तो दिला जाऊ लागला. पवन हे केरळात सोने मोजण्याचे आठ ग्रॅमचे माप असल्याने करंडकात 940 ग्रॅम सोने भरते, आणि जिथे जवळपास किलोभर सोने टेबलावर ठेवले जाते तिथे ताल चुकला की सम चुकली हा प्रश्न केवळ संगीताचा राहत नाही. त्याआधी, 1986 पासून, मुलींसाठी ‘कलातिलकम्’ आणि मुलांसाठी ‘कलाप्रतिभा’ असे वैयक्तिक किताब सुरू झाले होते. पहिला कलाप्रतिभा विनीत आणि नंतरची कलातिलकम् मंजू वारियर हे दोघेही चित्रपटसृष्टीत गेल्यामुळे किताब, नायिकापद आणि बंगला अशी तीन पायऱ्यांची शिडी असंख्य घरांतील भिंतींना टेकून उभी राहिली. या शिडीवर मूल चढत असे आणि खालून ती हलू नये म्हणून अख्खे कुटुंब ती धरून उभे असे. फक्त धरणाऱ्यांची संख्या इतकी वाढली, की चढणाऱ्याला पाय ठेवायला जागा उरेना. शेवटी 2006 मध्ये हे किताब बंद करून श्रेणीपद्धती आणण्यात आली, जेणेकरून चुरस कमी व्हावी.

श्रेणीपद्धती वरकरणी सोपी आहे. ऐंशी टक्के किंवा त्याहून अधिक गुण मिळाले तर ए ग्रेड, सत्तरच्या पुढे बी आणि साठच्या पुढे सी. या तिन्हींसाठी जिल्ह्याच्या खात्यात अनुक्रमे 5, 3 आणि 1 गुण जमा होतात. शिवाय 2023 मध्ये सुधारलेल्या नियमांनुसार राज्यपातळीवरील ग्रेडसाठी शालान्त परीक्षेत अनुक्रमे 20, 15 आणि 10 वाढीव गुण मिळू लागले. महाराष्ट्रातील वाचकाला चित्रकलेच्या इंटरमिजिएट परीक्षेमुळे दहावीत मिळणारे 7, 5 आणि 3 गुण माहीत असतीलच; त्या मानाने केरळातील दर बराच चढा आहे आणि त्यामुळे मोहिनीअट्टम या केरळच्या लास्यप्रधान नृत्यातील कटाक्षाला गणिताच्या एखाद्या प्रमेयाइतके शैक्षणिक मूल्य आपोआप प्राप्त होते. ज्या पालकाला आयुष्यात कधी नृत्य पाहताना जांभई आवरली नव्हती, तो कटाक्ष उजवीकडे अपुरा पडला की डावीकडे, यावर सप्रमाण बोलू लागतो, याचे मूळ या कोष्टकात शोधले पाहिजे.

येथे अभ्यासकाने आपली मर्यादाही नोंदवणे प्रामाणिकपणाचे ठरेल. मोहिनीअट्टममधील ब्याऐंशी आणि चौऱ्याऐंशी टक्के यांतला फरक त्याला मुळीच उमगत नाही, आणि नर्तिकेने अंबाडा डाव्या बाजूला घातला की ते मोहिनीअट्टम व न घातला की भरतनाट्यम, एवढ्यावर त्याचे शास्त्रज्ञान संपते. तथापि या अज्ञानाच्या बळावर तो पालक, आमदार, रिक्षाचालक आणि वृत्तनिवेदक अशा महोत्सवातील समस्त परीक्षकांच्या पंक्तीत संकोच न बाळगता बसू शकतो. अधिकृत परीक्षक साधारणपणे तीनच असतात. बाकीचे सभागृह भरून असतात, त्यांना मानधन मिळत नाही आणि त्यांचे निकाल आधी लागतात.

स्पर्धेची उतरंड शाळा, उपजिल्हा, महसुली जिल्हा आणि राज्य अशी चार पायऱ्यांची असून खालच्या पायरीवर पहिला आलेलाच वरच्या पायरीवर जातो. या रचनेमुळे दुसरा क्रमांक ही जगातील अत्यंत असह्य अवस्था बनते. तिसऱ्या क्रमांकाचा स्पर्धक तुलनेने शांत आढळतो. शेवटचा आलेला तर पायसम खाऊन समाधानाने घरी जातो. दुसऱ्या क्रमांकाच्या घरात मात्र त्या रात्री चूल पेटत नाही. निकाल जाहीर झाल्यानंतरच्या पहिल्या पाच मिनिटांत पडद्यामागे जो संवाद घडतो, त्याचा सर्वसाधारण नमुना पुढीलप्रमाणे देता येईल.

“टीचर, काय लागला निकाल?”

“ए ग्रेड मिळाली.”

“ती अर्ध्या जिल्ह्याला मिळते. क्रमांक सांगा.”

“दुसरा.”

“म्हणजे अपील.”

“अम्मा,” असा तिसरा आवाज या ठिकाणी येतो, “मला आधी हे दागिने काढू दे ना.”

तिसऱ्या आवाजाची नोंद अपिलाच्या कागदपत्रांत आढळत नाही. पहिला तास अर्ज लिहिण्यात, शुल्क भरण्यात आणि कारण शोधण्यात जातो, व यांपैकी कारण शोधणे सर्वांत सोपे असते. ध्वनियंत्रणेने दगा दिला, मंचावरची चटई सरकली, दिवा डोळ्यांवर आला, पडदा लवकर पडला, पडदा उशिरा पडला, परीक्षक मान खाली घालून लिहीत असल्याने मुख्य मुद्रा पाहायचीच राहिली, किंवा परीक्षक एकटक पाहत असल्याने मुलगी बुजली, ही कारणे परस्परविरोधी असली तरी एकाच अर्जात ती गुण्यागोविंदाने नांदतात. ओप्पना या मुस्लिम विवाहप्रसंगीच्या समूहनृत्यात मध्यभागी नववधू बसलेली असते आणि तिने फारसे काही करायचे नसते. तरीही तिच्या बसण्यात कमतरता काढल्याबद्दल तक्रार होऊ शकते, हे या कलाप्रकाराच्या व्याप्तीचे द्योतक आहे. मार्गम्कळी या सीरियन ख्रिस्ती परंपरेतील नृत्यात मध्ये दिवा ठेवून त्याभोवती फेर धरतात. तो दिवा विझला तर दोष वाऱ्याचा, वारा आला तर दोष मंडपाचा आणि मंडप शासनाचा असल्यामुळे प्रतिवादी क्रमांक एक राज्य शासन, अशी तर्कपरंपरा प्रकाशाच्या वेगाने सिद्ध होते.

अपील समितीसमोर प्रयोगाची चित्रफीत दाखवली जाते. पालकांना असे वाटते, की चित्रफीत पाहिल्यावर सत्य आपोआप बाहेर येईल. प्रत्यक्षात चित्रफितीतून पुष्कळदा छायाचित्रकाराच्या पुढे उभ्या असलेल्या मामांची पाठ बाहेर येते. ज्यांचे अपील मान्य होते त्यांना वरच्या पायरीवर उतरण्याची संधी मिळते, मात्र काही हजार रुपयांची अनामत ठेवून, आणि ही अनामत परत मिळण्याची अट फार मार्मिक आहे: अपिलाने आलेल्या स्पर्धकाने आपल्याच जिल्ह्याच्या मूळ विजेत्यापेक्षा सरस ठरले पाहिजे. त्यामुळे राज्यपातळीवरच्या मंचावर चौदा जिल्ह्यांचे उत्तमोत्तम कलावंत नाचत असताना त्यांतील दोघींच्या माता मात्र बाकीच्या जिल्ह्यांकडे ढुंकूनही न पाहता केवळ एकमेकींच्या मुलीचे गुण टिपत असतात. साऱ्या राज्याला हरवले आणि शेजारच्या गल्लीतली मुलगी अर्ध्या गुणाने पुढे गेली, तर तो दिवस पराभवाचाच धरला जातो.

समितीने अपील फेटाळले तर खरी साधना सुरू होते, आणि येथून पुढे कलावंताची जागा वकील घेतो.

“मुलीच्या नृत्यात उणीव कोणती होती?” असे वकील विचारतो.

“एकही नव्हती, सर.”

“मग परीक्षकांची चूक काय?”

“त्यांना ती दिसली.”

एवढ्या भांडवलावर याचिका तयार होते. ती कुठे दाखल करावी याबाबत केरळातील पालकांनी दाखवलेली कल्पकता विधिशास्त्राच्या कोणत्याही पाठ्यपुस्तकाला समृद्ध करील. मुन्सिफ न्यायालय, म्हणजे दिवाणी न्यायव्यवस्थेची सर्वांत खालची पायरी, येथे बांध, विहीर आणि सामाईक भिंत यांच्या दाव्यांच्या रांगेत भरतनाट्यम येऊन उभे राहिले. लोकायुक्त ही सार्वजनिक पदांवरील व्यक्तींच्या भ्रष्टाचाराची आणि गैरकारभाराची चौकशी करणारी यंत्रणा असून तिच्याकडेही महोत्सवातील गुणांची गाऱ्हाणी पोहोचली. बालहक्क संरक्षण आयोग तर नावातच बालक धारण करणारा असल्याने त्याच्या दारी जाण्यास कुणाला विशेष समर्थन द्यावे लागले नाही. पहिला क्रमांक हा बालकाचा नैसर्गिक हक्क आहे आणि तो एका वेळी सर्वच बालकांना आहे, असा सिद्धान्त तेथे अध्याहृत धरता येत होता.

सर्वांत वरच्या मंचावर, उच्च न्यायालयात, राज्यघटनेच्या 226 व्या अनुच्छेदाखाली रिट याचिका दाखल होते. रिट म्हणजे शासनाने आपले कर्तव्य पार पाडावे किंवा अधिकार ओलांडू नये यासाठी न्यायालयाने काढलेला आदेश. नागरिकाला बेकायदा डांबून ठेवले तर त्याला हजर करा, असे सांगणारी देहोपस्थिती ही याच कुळातील आहे, आणि कुचिपुडीत दोन गुण कमी पडले तर ते हजर करा, अशी मागणीही याच कुळात मोडते. या प्रकरणांत न्यायालयाची सर्वमान्य भूमिका अशी, की प्रक्रियेत दोष असेल तर तो तपासता येईल, परंतु तज्ज्ञांनी दिलेल्या गुणांवर न्यायमूर्ती स्वतःचे गुण देणार नाहीत. ही भूमिका वकिलांना मुखोद्गत असते, आणि म्हणूनच ती ओलांडण्याचा प्रयत्न अतिशय आदरपूर्वक केला जातो. अशा सुनावणीचे कल्पनाचित्र पुढीलप्रमाणे रेखाटता येईल.

“न्यायालयाने नेमके काय करावे, असे आपले म्हणणे आहे?”

“चित्रफीत पाहावी, माय लॉर्ड.”

“ती पाहून?”

“विजेतीच्या डोळ्यांत भाव नव्हता, हे अभिलेखावर घ्यावे.”

निकाल तातडीने हवा असतो, कारण महोत्सव परवावर आलेला असतो. म्हणून अंतिम निर्णयाऐवजी अंतरिम आदेश मागितला जातो. अंतरिम आदेश म्हणजे खटल्याचा निकाल लागेपर्यंतची तात्पुरती सोय, आणि भारतातील तात्पुरत्या गोष्टींचे आयुष्य सर्वांना माहीत आहे. स्पर्धकाला तात्पुरते नाचू द्यावे, त्याचा निकाल मात्र अंतिम आदेशाच्या अधीन राहावा, असे ठरले की एक विलक्षण तात्त्विक अवस्था उत्पन्न होते: मूल नाचलेले असते आणि कायद्याच्या दृष्टीने पुरते नाचलेलेही नसते.

या आदेशांच्या पुरवणीमुळे वेळापत्रकाचे जे होते ते साध्या गुणाकाराने दाखवता येते. चौदा जिल्ह्यांचे चौदा स्पर्धक आणि प्रत्येकाला दहा मिनिटे धरली तर एक नृत्यप्रकार दोन तास वीस मिनिटांत संपायला हवा. अपिलाने आणखी सहा जणी आल्या की त्यात सरळ एका तासाची भर पडते. सायंकाळी नटून बसलेली मुलगी मध्यरात्रीनंतर मंचावर येते, तोपर्यंत तिच्या चेहऱ्यावरचा रंग आणि सभागृहातील प्रेक्षक यांचे सारखेच पापुद्रे सुटलेले असतात, परीक्षकांपैकी एकाची मान लयीत हलते आहे की झोपेत, हे ओळखणे दुरापास्त होते, आणि या संदिग्धतेतूनच उद्याच्या नव्या अपिलाचे बीज पडते. अपील हे अशा रीतीने स्वतःचे कारण स्वतःच निर्माण करते.

कोणतीही कला लोकप्रिय झाली की तिची नक्कल होते, या नियमालाही अपील अपवाद ठरले नाही. त्रिशूर येथील 2018 च्या महोत्सवात बालहक्क संरक्षण आयोगाच्या नावाने तयार केलेले बनावट अपील-आदेश उघडकीस आले, प्रकरण गुन्हे शाखेकडे गेले आणि अटक झालेल्यांमध्ये नृत्यशिक्षक निघाले. महोत्सवात मिमिक्री हा अधिकृत स्पर्धाप्रकार असताना आयोगाच्या सहीची मिमिक्री पोलिसांच्या स्वाधीन व्हावी, यात कलेवर अन्याय झाला असे म्हणणारा एखादा अर्ज कुठे दाखल झाला नसेलच, याची हमी देणे कठीण आहे.

पालकांच्या बाजूने एक गोष्ट मात्र निःपक्षपातीपणे मांडली पाहिजे: गुणांचे अंतर कधीकधी खरोखरच वेड लावणारे असते. 2018 मध्ये कोझिकोडला 895 आणि पालक्काडला 893 गुण होते. 2024 मध्ये कोल्लम येथे कन्नूरने 952 गुण मिळवून 949 गुणांच्या कोझिकोडला मागे टाकले. आणि 2025 मध्ये त्रिशूरने 1008 गुणांसह सव्वीस वर्षांनी सुवर्णकरंडक नेला तेव्हा पालक्काड 1007 वर होते. बी ग्रेडला तीन आणि ए ग्रेडला पाच गुण असल्यामुळे पालक्काडच्या एखाद्या मुलाची एकच बी ग्रेड ए झाली असती तर 940 ग्रॅम सोन्याने गाडीची दिशा बदलली असती. अशा वेळी प्रत्येक पालक्काडकराला आपल्या जिल्ह्यातील नेमका तो मुलगा कोण हे ठाऊक असते, आणि प्रत्येकाच्या मते तो वेगळा असतो.

कोझिकोड येथे 2023 च्या जानेवारीत भरलेल्या महोत्सवाच्या तोंडावर केरळ उच्च न्यायालयाने अशा अनेक याचिका फेटाळताना पालकांना समजावले, की जिंकण्यापेक्षा भाग घेणे महत्त्वाचे आहे, पालकांनाच हार सोसत नसेल तर मुले निराशेच्या गर्तेत जाऊ शकतात, आणि भपकेबाज खर्चाच्या चढाओढीत गुणी पण गरीब मुले मागे पडतात. हा उपदेश सर्व पालकांना मनापासून पटला. प्रत्येकाने तो शेजाऱ्याला वाचून दाखवला. वस्तुतः मुलांकडे पाहिले तर त्यांना तो फारसा लागू नव्हता, कारण पालक न्यायालयाच्या व्हरांड्यात असताना पहिली आणि दुसरी आलेल्या दोघी एकाच आरशासमोर बसून एकमेकींच्या वेणीतली फुले सोडवत असल्याचे दृश्य महोत्सवात दुर्मीळ नसते. आणि त्या दोघींत कोण सरस नाचली हे विचारले तर त्या बहुधा तिसरीचेच नाव सांगतात.

सुधारणा करणाऱ्यांची चिकाटीही या ठिकाणी गौरवास पात्र आहे. किताबांमुळे भांडणे होतात म्हणून किताब काढले, तेव्हा भांडणे ग्रेडवर आली. परीक्षकांना स्पर्धकाची ओळख कळू नये म्हणून नावाऐवजी सांकेतिक क्रमांक आणले, तेव्हा क्रमांक कुणी कुणाला फोडला यावर तक्रारी झाल्या. परीक्षकांवर दक्षता यंत्रणेची नजर ठेवली, तेव्हा त्या नजरेवर कुणाची नजर आहे, असा प्रश्न आला. अपिलाचे शुल्क पायरीगणिक वाढवले, तेव्हा एवढे शुल्क भरणाऱ्याची बाजू खरीच असणार, असा एक नवा पुरावाच पालकांच्या हाती आला.

याचिकांचा ओघ तरीही आटला नाही, तेव्हा न्यायालयाने अलीकडे शासनाला सुचवले, की या वादांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरण, म्हणजे एकाच विषयाचे खटले चालवणारे खास न्यायपीठ, नेमण्याचा विचार व्हावा. सूचना रास्त आहे आणि तिचे पालकवर्गात मनःपूर्वक स्वागत होईल, कारण तिच्यामुळे एक पायरी कमी होण्याऐवजी एक वाढते. न्यायाधिकरणाच्या सदस्यांना कूडियाट्टम या प्राचीन संस्कृत नाट्यप्रकारातले कळते काय, या मुद्द्यावर पहिली याचिका येईल. कळते असे निष्पन्न झाले तर ते कोणत्या गुरूकडे शिकले यावर दुसरी. या सर्व पायऱ्या चढून एखाद्या प्रकरणाचा अंतिम निकाल लागेल आणि मूळ स्पर्धकच पहिल्या क्रमांकाला पात्र होता असे सन्मानपूर्वक जाहीर होईल, तोवर तो स्पर्धक महाविद्यालयात पोहोचलेला असेल. तेथे विद्यापीठाचा स्वतंत्र कलोत्सव असतो आणि त्याचे नियम छापलेले असतात. पालकांनी त्या पुस्तिकेतील अपिलाचे प्रकरण प्रवेशअर्ज भरण्यापूर्वीच वाचून ठेवलेले असते.